पावणेदोन म्हणजे किती ?

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षातील कौटुंबिक संमेलनात केलेले भाषण)



सुवर्णमहोत्सवाच्या व्यासपीठावरून आम्ही गणितावर, आणि तेही पाचवीतल्या मुलाच्या वहीतील दशांश अपूर्णांकांच्या बेरीज-वजाबाकीवर बोलणार, हे कळल्यावर काही स्नेह्यांना नवल वाटले. संतवाङ्मय आहे, नाट्यसंगीत आहे, बेंगळुरूतील शहाजीराजांच्या जहागिरीचा इतिहास आहे. हे सारे टाकून ही आकडेमोड कशाला, असे त्यांनी आपुलकीने विचारले. त्यांना आम्ही जे उत्तर दिले तेच आज थोडे विस्ताराने सांगणार आहोत. परमुलखात राहणाऱ्या कुटुंबात भाषा एकदम जात नाही. गाणी राहतात, आरत्या राहतात, सणावारांची नावे राहतात. पहिल्याने जाते ती मोजण्याची भाषा. नातू आजीशी मराठीत बोलतो, पण वेळ सांगताना, पैसे सांगताना, वजन सांगताना तो दुसऱ्या भाषेत शिरतो. हे आपल्या सर्वांच्या घरी घडते आणि ते इतके हळूहळू घडते की कोणाला त्याचे वाईटही वाटत नाही.

आमच्या परिचयातील एका घरची गोष्ट सांगतो. धाकट्या नातीला ताप होता. आई-वडील कामावर, घरी आजी आणि दहा वर्षांचा नातू. सुनेने दूरध्वनीवरून सांगितले, "आई, डॉक्टरांनी औषध अडीच मिली द्यायला सांगितलंय." आजींचा चष्मा दुरुस्तीला गेलेला. त्यांनी बाटलीचे मापाचे टोपण नातवाच्या हाती दिले आणि म्हटले, "अडीचच्या रेघेपर्यंत भर, बाळ." टोपणावर २.५, ५, ७.५ आणि १० अशा रेघा होत्या. मुलगा हुशार, इंग्रजी माध्यमात पहिल्या पाचांत येणारा. त्याने क्षणभर टोपणाकडे पाहिले आणि विचारले, "आजी, अडीच म्हणजे काय गं? फाइव्ह का?" आणि उत्तराची वाट न पाहता त्याने पाचच्या रेघेपर्यंत औषध ओतलेही. आजींच्या सवयीच्या नजरेला ते जास्त वाटले, म्हणून त्यांनी हात आखडला, सुनेला पुन्हा विचारले आणि निम्मे परत बाटलीत गेले. अनर्थ टळला. पण विचार करण्याजोगी गोष्ट अशी की, त्या खोलीत लागणारे सगळे ज्ञान हजर होते. आजींना अडीच म्हणजे किती हे पक्के ठाऊक होते, नातवाला २.५ वाचता येत होते. दोघांमध्ये पूल तेवढा नव्हता.

हा पूल बांधणे कठीण नाही. आणि तो बांधला तर मुलाचे गणितही सुधारते, हे आमचे आजचे म्हणणे आहे.

प्रथम आपल्या शब्दांकडे पाहू. पाव, अर्धा आणि पाऊण हे तीन शब्द आपण एकाच्या आतल्या भागांसाठी वापरतो. दशांशात लिहिले तर ते ०.२५, ०.५ आणि ०.७५ होतात. एकाच्या पुढे गेलो की सव्वा, दीड, अडीच ही खास नावे येतात. आणि मग तीनपासून पुढे सव्वातीन, साडेतीन, पावणेचार असा नियमित क्रम लागतो. या शब्दांची रचना नीट पाहा. 'सव्वा' ऐकले की पाव मिळवायचा, 'साडे' ऐकले की अर्धा मिळवायचा, आणि 'पावणे' ऐकले की पाव वजा करायचा. सव्वातीन म्हणजे ३ + ०.२५, साडेतीन म्हणजे ३ + ०.५, पावणेचार म्हणजे ४ - ०.२५. एकेका शब्दात एकेक छोटे शाब्दिक उदाहरण सोडवून ठेवलेले आहे. एकोणतीस, एकोणचाळीस या शब्दांतही हीच वजाबाकीची चाल आहे.

आपल्या शेजाऱ्यांची भाषा इथे वेगळ्या वाटेने जाते, आणि ते समजून घेणे बेंगळुरूच्या मराठी मुलाला फार उपयोगाचे आहे. कन्नडमध्ये पावाला 'कालु' आणि पाऊणला 'मुक्कालु' म्हणतात. सव्वा म्हणजे 'ओंदूकालु', दीड म्हणजे 'ओंदूवरे', आणि पावणेदोन म्हणजे 'ओंदूमुक्कालु', अर्थात एक आणि पाऊण. कन्नड शब्द एकापासून पुढे चालत येतो, मराठी शब्द दोनपासून मागे येतो. दोघे एकाच ठिकाणी भेटतात. १.७५ हा आकडा कन्नड शब्दाच्या क्रमाने लिहिलेला आहे. म्हणून भाजीवाल्याचे 'ओंदूमुक्कालु' मूल झटकन लिहिते, आणि आजीचे 'पावणेदोन' ऐकून २.७५ लिहिते. यात मुलाचा मठ्ठपणा नाही. 'पावणे' म्हणजे उणे, हे त्याला कोणी सांगितलेलेच नसते. हीच गोष्ट संख्यांच्या नावांची. कन्नडमध्ये 'इप्पत्तोंदु' म्हणताना वीस आधी आणि एक मागाहून येतो. मराठीत 'एकवीस' म्हणताना एक आधी येतो. २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'वीस एक' अशी वाचनपद्धती आली तेव्हा महाराष्ट्रात मोठा वाद झाला. त्या वादात आम्ही शिरत नाही. इतकेच म्हणतो की, दोन्ही चाली कानावरून जाणाऱ्या आपल्या मुलांना हा फरक समजावून सांगण्याची उत्तम सोय या गावात आहे.

आता जुन्या पिढीचा अनुभव. आमच्या पिढीने शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी पाठ केली. औट म्हणजे साडेतीन, हे आज सांगावे लागते. ही पाठांतरे त्या काळच्या नाण्यांना आणि मापांना अगदी जुळणारी होती. रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे, पैशाच्या तीन पया. सोळाचा पाव चार, निम्मे आठ, पाऊण बारा. कुठे काही उरत नाही. धान्याच्या मापांतही दोन चिपट्यांचे मापटे, दोन मापट्यांचा शेर, दोन शेरांची अधोली, दोन अधोल्यांची पायली. सगळा व्यवहार निम्मे करण्यावर आणि दुप्पट करण्यावर उभा. जमाखर्चाच्या वहीत पाव लिहायचा तर एक उभी रेघ, अर्ध्याला दोन, पाऊणला तीन. पावणेदोन लिहायचे तर एकावर तीन रेघा : १॥।. बोलण्यात पावणेदोन आणि लिहिण्यात एकावर तीन पाव. म्हणजे जुन्या कारकुनालाही दोन्ही वाटा ठाऊक असत.

१ एप्रिल १९५७ रोजी रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. १९५८ च्या ऑक्टोबरपासून किलोग्रॅम टप्प्याटप्प्याने बाजारात आला, आणि १९६२ पर्यंत शेर-मणांचा व्यवहार कायद्याने संपला. त्या संक्रमणाच्या काळात घरोघर गोंधळ उडाला. एक आणा म्हणजे सहा पूर्णांक पंचवीस शतांश नवे पैसे. पण इतके बारीक नाणे नव्हते. म्हणून कोष्टकात एका आण्याचे सहा, दोन आण्यांचे बारा, तीन आण्यांचे एकोणीस आणि चार आण्यांचे पंचवीस नवे पैसे धरले गेले. तीन वस्तू एकेक करून घेतल्या तर सहा त्रिक अठरा नवे पैसे, आणि एकदम घेतल्या तर एकोणीस ! त्या एका पैशावरून दुकानदारांशी झालेली बोलणी ज्येष्ठांना आठवत असतील. पण दशांश पद्धतीचा पहिला धडा मोठ्यांनी असा बाजारातच घेतला. १९६४ साली 'नवा' हा शब्द गळाला आणि पैसा नुसता पैसा राहिला. चार आणे, आठ आणे हे शब्द मात्र पंचवीस आणि पन्नास पैशांच्या नाण्यांना चिकटून राहिले.

२०११ च्या जूनअखेर पंचवीस पैशांचे आणि त्याखालचे नाणे चलनातून गेले. पन्नास पैशांचे नाणे कायद्याने चालते, पण मुलांच्या हाती ते येत नाही. आमच्या मते शिक्षकांनी आणि पालकांनी लक्षात घ्यावी अशी ही गोष्ट आहे. पाठ्यपुस्तकातील उदाहरण अजून म्हणते, "वही रु. १८.७५ ला व पेन रु. ६.५० ला." पूर्वी मुलाच्या मुठीत ते पंच्याहत्तर पैसे असत, आज ते केवळ कागदावरचे आकडे आहेत. म्हणून दशांश शिकवायचा तर आता पैशांपेक्षा वजने आणि मापे हाताशी घ्यावीत. किलोग्रॅम, लिटर आणि मीटर अजून घरात आहेत, आणि मूल ती डोळ्यांनी पाहू शकते.

एक उदाहरण घेऊ. आजींनी सांगितले : साखर सव्वा किलो, तूरडाळ पाऊण किलो, आणि रवा चारशे ग्रॅम. पिशवीचे ओझे एकूण किती? मूल मांडते १.२५, ०.७५ आणि ०.४. पूर्णांकांच्या बेरजेत उजवीकडचे आकडे एकाखाली एक घेण्याची सवय असते. त्या सवयीने ते चार हा आकडा पाचाखाली ठेवते आणि उत्तर येते २.०४. इथे चूक बेरजेची नाही, मांडणीची आहे. ०.४ मधला चार दशांशाच्या घरचा आहे. त्याला शतांशाच्या घरात बसविले. उपाय जुना आणि सोपा आहे : टिंबाखाली टिंब ठेवावे, आणि उजवीकडची रिकामी घरे शून्यांनी भरावीत. १.२५० + ०.७५० + ०.४०० = २.४००. किलोचे हजार ग्रॅम असल्यामुळे तीन घरे घेणे इथे सोयीचे. एकूण दोन किलो चारशे ग्रॅम. पहिले उत्तर आणि हे उत्तर यांत तीनशे साठ ग्रॅमांचा फरक आहे.

परंतु याच ठिकाणी आजींचे गणित उपयोगी पडते. लेखणी उचलण्यापूर्वी तोंडी करून पाहा : सव्वा आणि पाऊण मिळून दोन. त्यावर चारशे ग्रॅम, म्हणजे अर्ध्याला थोडे कमी. तेव्हा उत्तर अडीच किलोच्या किंचित आतले हवे. २.०४ म्हणजे दोन किलोवर फक्त चाळीस ग्रॅम. हे शक्यच नाही, असे मूल स्वतःच म्हणेल. ज्याला पाव, पाऊण, सव्वा यांचा अंदाज आहे त्याच्या वहीत टिंबाच्या जागेची चूक फार काळ टिकत नाही.

वजाबाकीचेही तसेच. दोन लिटर दुधातून पाऊण लिटर खिरीला गेले, राहिले किती? मूल २ - ०.७५ लिहिते आणि अडते, कारण वरच्या संख्येत टिंबच नाही. कोणी ७५ मधून २ वजा करते, कोणी २.७५ लिहून मोकळे होते. दोन म्हणजे २.०० हे एकदा पटले की पुढचे सरळ आहे. दोन लिटरमधला एक लिटर मोडला, त्याचे दहा दशांश झाले. त्यांतला एक दशांश मोडला, त्याचे दहा शतांश झाले. दहा शतांशांतून पाच गेले, राहिले पाच. नऊ दशांशांतून सात गेले, राहिले दोन. आणि एक लिटर जागेवर. उत्तर १.२५. आजी हेच एका श्वासात सांगतात : दोनातून पाऊण गेले, सव्वा राहिले. ज्या नातीच्या तापाची गोष्ट सांगितली, तिचा ताप १०२.४ होता, प्रकृती ठीक असताना ९८.६ धरतो. १०२.४ - ९८.६ = ३.८. अशी वजाबाकी घराघरांत चिंतेने केली जाते, आणि तिथे ती चुकून चालत नाही. औषधाच्या बाबतीत तर एक नियम घरच्या सर्वांनी पाळावा : अर्धा लिहायचा तर नुसते .५ लिहू नये, ०.५ लिहावे, आणि पाच लिहायचे तर ५.० लिहू नये, ५ लिहावे. टिंब फिकट उमटले तर एकाचे दहापट होते. बेरीज मांडताना उजवीकडे शून्ये भरणे चांगले. औषधाच्या चिठ्ठीवर ती नकोत.

आणखी एक सापळा आहे, आणि तो आपणच मुलांपुढे मांडतो. टिंब दिसले की दशांश, असे नसते. क्रिकेटमध्ये एका गोलंदाजाने ४.३ षटके टाकली आणि दुसऱ्याने ३.४, मिळून किती? चिन्नास्वामी मैदानावर सामना पाहून आलेला मुलगा चटकन ८.१ म्हणेल, आणि तेच बरोबर आहे. कारण षटकात चेंडू सहा, आणि सात चेंडूंचे एक षटक व एक चेंडू. तोच मुलगा वहीत ४.३ + ३.४ = ७.७ लिहितो, आणि तेही बरोबर ! फरक टिंबामागच्या घराचा आहे. एके ठिकाणी सहांचा हातचा, दुसरीकडे दहांचा. घड्याळाचेही असेच. १.४५ तास आणि २.३० तास अशी बेरीज मूल ३.७५ करते, खरे उत्तर सव्वाचार तास. आणि उंची? पाच फूट सहा इंचांना आपण सहज ५.६ म्हणतो, दशांशात ती साडेपाच, म्हणजे ५.५ फूट.

आता आमच्या मथळ्यातील प्रश्नाकडे येतो. पावणेदोन म्हणजे किती? पावणेदोन किलो लिहायचे तर १.७५. घड्याळात पावणेदोन वाजले तर १.४५. पावणेदोन फूट म्हणजे एक फूट नऊ इंच. पावणेदोन डझन म्हणजे एकवीस. पावणेदोनशे म्हणजे १७५. आणि आमच्या लहानपणी पावणेदोन रुपये म्हणजे एक रुपया बारा आणे. आकडे प्रत्येक ठिकाणी वेगळे, शब्द एकच. शब्द सांगतो तो संबंध : दोनाला पाव कमी. तो पाव कशाचा, शंभराचा की साठाचा की बाराचा, हे आपण पाहायचे. ज्या मुलाला हे उमगले त्याला अपूर्णांक उमगला, असे आम्ही खुशाल म्हणू.

शाब्दिक उदाहरणात मुले अडतात ती बहुधा आकड्यांपाशी नाही, वाक्यापाशी. "रमेशजवळ ४० रुपये आहेत. ते सुमतीजवळच्या रकमेपेक्षा १२.५० रुपयांनी जास्त आहेत, तर सुमतीजवळ किती?" 'जास्त' हा शब्द दिसला की मूल मिळवते आणि ५२.५० लिहिते. वास्तविक सुमतीजवळ कमी आहेत, उत्तर २७.५०. 'जास्त' म्हणजे बेरीज आणि 'कमी' म्हणजे वजाबाकी अशी किल्ली मुलांच्या हाती देणे हा घात आहे. कोणापेक्षा जास्त, कोणाचे जास्त, हे विचारायला शिकवावे. "रमाने उमेला दिले" आणि "रमाला उमेने दिले" यांत विभक्तीच्या एका प्रत्ययाने बेरजेची वजाबाकी होते. उदाहरण कोणत्याही भाषेत छापलेले असो, मुलाने ते आधी आपल्या शब्दांत गोष्टीसारखे सांगावे : कोणाकडे होते, कुठे गेले, काय राहिले, आणि विचारले आहे ते काय. गोष्ट नीट सांगता आली की कोणती क्रिया करायची हे वेगळे सांगावे लागत नाही.

गोष्टीतून गणित सांगण्याची ही परंपरा या भूमीत जुनी आहे. नवव्या शतकात राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्षाच्या काळी महावीराचार्यांनी 'गणितसारसंग्रह' लिहिला. त्या राजवटीची राजधानी मान्यखेट, म्हणजे आजच्या कलबुर्गी जिल्ह्यातील मालखेड. पुढे ११५० साली भास्कराचार्यांनी 'लीलावती' रचली. तिचा आरंभ नाण्यांच्या आणि मापांच्या कोष्टकांनी होतो : वीस कवड्यांची काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म, सोळा द्रम्मांचा निष्क. आणि पुढची उदाहरणे एका मुलीला गोष्टी सांगाव्यात तशी. चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेख सांगतो की, भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, तेथे मठ स्थापिला. आजोबांचे गणित नातवाने जपल्याचे याहून चांगले उदाहरण आम्हांला ठाऊक नाही. त्या ग्रंथांत अपूर्णांक अंश-छेदांचे आहेत. दशांश अपूर्णांक दहाव्या शतकात दमास्कसच्या अल्-उक्लिदिसीने आणि पंधराव्यात समरकंदच्या अल्-काशीने वापरले. युरोपात सायमन स्टेव्हिनने १५८५ साली व्यापारी आणि मोजणीदारांसाठी लहानशी पुस्तिका लिहून ते रूढ केले. त्या साऱ्यांच्या खाली आपलीच स्थानमूल्याची पद्धती आहे : दहाचे घर डावीकडे सरकत मोठे होते, ते उजवीकडे सरकत लहानही होऊ दिले, इतकेच.

आणि हे ज्ञान आपल्या लोकांनी पोटापाण्यासाठीही बाळगले आहे. सांगली जिल्ह्याच्या खानापूर-आटपाडी भागातील दुष्काळी गावांतून कितीतरी कुटुंबे सोने-चांदी गाळण्याच्या, म्हणजे गलाईच्या, व्यवसायात देशभरच्या सराफपेठांत पसरली; दक्षिणेतील शहरांतही ती आहेत. त्यांचा सारा दिवस ग्रॅमच्या तिसऱ्या घराशी असतो. जुने दागिने आले ४०.५०० ग्रॅम, गाळून लगड उतरली ३९.८६५, घट ०.६३५. ही वजाबाकी एका घराने चुकली तर दिवसाची मजुरी जाते आणि पेढीचा विश्वासही जातो. सोन्याची शुद्धताही पूर्वी चोवीस भागांत सांगत. बावीस कॅरट म्हणजे चोविसांतले बावीस. आज दागिन्यावर ९१६ हा शिक्का दिसतो, म्हणजे हजार भागांत ९१६ भाग शुद्ध सोने. बावीसला चोविसांनी भागून पाहा, ०.९१६ येऊन पुढे सहाच सहा येत राहतात. ज्या भगिनींनी अलीकडे दागिना घेतला असेल त्यांनी पावती काढून मुलांपुढे ठेवावी. एकूण वजन २३.४५०, खड्यांचे वजन १.२७५, निव्वळ सोने किती? २२.१७५. पुस्तकातील उदाहरणापेक्षा हे उदाहरण मुले अधिक मन लावून सोडवतील, आणि आपल्याही हिताचे होईल.

आता शेवटचे, करण्याजोगे काही. आठवड्याची वाणसामानाची यादी आजींनी तोंडी सांगावी आणि मुलांनी दशांशात लिहावी. सव्वा, दीड, अडीच, पावणेतीन मुद्दाम यावेत. दुसऱ्या आठवड्यात उलट करावे : मुलांनी आकडे वाचावेत आणि आजींनी, आजोबांनी शब्द सांगावेत. लेखणी धरण्याआधी तोंडी अंदाज बोलून दाखवावा. टिंबाखाली टिंब, रिकाम्या घरी शून्य. आणि शाळेत जे शिकवतात त्याला नावे ठेवू नयेत. मुलाला दोन वाटा दिसाव्यात, दोन पक्ष नव्हेत. आपल्या मंडळाच्या रविवारच्या वर्गात गाण्यागोष्टींबरोबर अर्धा तास तोंडी हिशेबाला द्यावा आणि तो ज्येष्ठ सभासदांनी घ्यावा, अशी आमची कार्यकारी मंडळाला नम्र विनंती आहे. ज्यांना पावकी-दिडकी येते अशी माणसे आता आपल्यांत मोजकीच उरली आहेत.

त्या घरातील नातवाला पुढे आजींनी अडीचकी शिकविली. सगळी पाठ झाली नाही. "अडीच एके अडीच, अडीच दुणे पाच" इतके झाल्यावर तो थांबला आणि म्हणाला, "म्हणजे मी त्या दिवशी डबल दिलं असतं." आजी म्हणाल्या, "हो रे बाळ." त्यानंतर टोपण भरताना तो मोठ्याने शब्द म्हणतो आणि मग रेघ शोधतो, असे त्या सांगतात.

आमचे बोलणे इथे पुरे करतो.